नीरा, पोंक आणि बँडवर चालणारी घोडी

मेथी निवडता निवडता ही सहल ठरली. वाचनालयातून मी एक जुनं मासिक आणलं होतं, त्यात मेक्सिको देशातल्या एका दिवसाच्या सहलीची हकिगत होती. तिथे आपल्या घायपातासारखं एक निळसर झाड असतं. त्याचा गड्डा भाजायचा, ठेचायचा, रस आंबवायचा आणि त्याची दारू गाळायची. लांबून आलेल्या लोकांना हे सगळं दाखवतात आणि मग घोड्यावर बसवून त्याच झाडांच्या शेतांमधून हिंडवून आणतात. मी मोठ्याने वाचत होते. समोर बसून कांता मेथीची पानं खुडत होती.

"दारू गाळताना बघायला लोक पैशे देतेत?" ती म्हणाली. "आमच्या गावात बघितलं म्हनून मार बसायचा."

"घोड्यावरही बसवतात म्हणे."

कांताने काड्या बाजूला सारल्या. "मग आपल्याकडं काय कमी हाय, बाई? घोडी मव्ही दारात. नीरा डुमसच्या वाटंवर. आपून बी जाऊ."

ती हसली खरी, पण बोलताना तिची नजर अंगणातल्या मैनेवर, तिच्या घोडीवर, होती. त्या दिवसांत ती सारखी तिकडेच असायची.

कांता माझी शेजारीण, सुरतेत आमच्या उधन्याच्या चाळीत भिंतीला भिंत लागून. मूळची जालन्याकडची. तिचे यजमान दगडूभाऊ आधी मागावर होते. कापसाच्या फुफाट्याने छाती भरायला लागली तेव्हा मागाचं काम सोडून त्यांनी एक पांढरी घोडी घेतली आणि लग्नाच्या वरातींना भाड्याने द्यायला सुरुवात केली. तीच मैना. उधन्यापासून कतारगामपर्यंत किती नवरदेव तिने मिरवले असतील, देव जाणे. पण वरातीत घोडीच्या लगामाला धरून अर्धी रात्र चालावं लागतं, आणि दगडूभाऊंचा गुडघा आता ऐकेना. मैनेला द्यायचं ठरलं होतं.

घेणारे दोघे होते. एक वीटभट्टीवाला. तो बघायलाही आला नाही, नुसता निरोप पाठवला की पाठवून द्या, विटा वाहायला कुठलंही जनावर चालतं. दुसरे इकबालभाई. ते डुमसच्या समुद्रावर लोकांना घोड्यावरून फेरी मारून आणतात. त्यांचं म्हणणं सरळ होतं: माणूस पाठीवर घेऊन वाळूत गुमान चालली तर ठेवतो. नाही चालली तर माझ्या काय कामाची?

म्हणजे मैना समुद्रावर जाणार की भट्टीवर, ते एका फेरीवर ठरणार होतं. कांताची ती सहलीची टूम त्यातूनच निघाली होती. घोडी दाखवायला जायचंच आहे, तर रडत कशाला जायचं, असा तिचा हिशेब.

दिवसही बरोबर होते. मकरसंक्रांतीआधीच्या महिन्याला गुजरातेत कमुरता म्हणतात. त्या महिन्यात लग्न होत नाही, त्यामुळे वरातीच्या घोड्या मोकळ्या असतात. आणि थंडी नेमकी तेव्हाच भरात असते, म्हणजे नीराही भरात. तुम्हाला कधी हा बेत करायचा असेल तर कमुरत्यातलाच रविवार धरा. उन्हाळ्यात आलात तर नीरा मिळणार नाही आणि काळी वाळू तळवे भाजून काढेल.

आदल्या दिवशी दुपारी दगडूभाऊ मैनेला घेऊन पायी निघाले. डुमसच्या अलीकडे मणिबेनची खजुरीची वाडी आहे, तिथे ते मुक्काम करणार होते. मणिबेनच्या मुलाच्या वरातीला मैनाच होती, तेव्हापासूनची ओळख. मी ओसरीवरून बघत होते. दगडूभाऊ एका पायाने ओढत पुढे, आणि त्यांच्या मागे साध्या म्होरकीतली मैना, दोरी सैल सोडलेली. ते थांबले की ती थांबायची, ते चालले की ती चालायची. "मव्ह्या चालीनं चालती ती," ते जाताना म्हणाले. आम्ही सगळ्यांनी ते ऐकलं आणि कुणीच त्याकडे लक्ष दिलं नाही.

कारण आमचं लक्ष गाठोड्यात होतं. कांताने वरातीचा सगळा साज बांधून घेतला होता. लाल मखमली झूल, तिच्यावर आमच्या सुरतच्या जरीचं काम. डोक्यावरचा तुरा, गळ्यातल्या माळा, चारी पायांतले घुंगरांचे चाळ, रुपेरी रिकिबी लावलेलं खोगीर.

"एवढं कशाला?" मी विचारलं.

"बघायला येनार म्हनल्यावर पोरीला तशीच उभी करावं का?" कांता म्हणाली.

तिच्या सासूबाई, आम्ही सगळे त्यांना आत्याबाई म्हणतो, त्यांनी मान डोलावली. "नाकीडोळी नीटस हाय. नुसतं झाकून-पाकून दाखवलं की झालं."

रविवारी अंधारात निघालो. मी, कांता, आत्याबाई, मध्ये ते गाठोडं, आणि बसायला म्हणून कांताची जुन्या लुगड्यांची गोधडी. चाळीतल्याच एकाची रिक्षा जाण्यापुरती ठरवली होती, कारण एवढ्या पहाटे शहर बस नसते. येताना बस करा, ती स्वस्त पडते आणि खिडकीही मिळते. प्लेगच्या वर्षानंतर सुरत धुऊन निघाली आहे. रस्ते झाडणाऱ्या बायका रिक्षाच्या उजेडात दिसत होत्या, तोंडाला पदर बांधलेल्या. अठवा ओलांडलं, पिपलोद ओलांडलं, आणि मग घरं विरळ होत थेट शेतं लागली. वारा असा झोंबत होता की आत्याबाईंनी शेवटी झूल काढून अंगावर ओढली. मगदल्ल्याच्या फाट्यावर चहाच्या टपरीवाल्याने रिक्षात डोकावून पाहिलं आणि जरीच्या झुलीत बसलेल्या म्हातारीला हात जोडले. आत्याबाईंनी त्याला आशीर्वाद दिला.

मणिबेनच्या वाडीत पोहोचलो तेव्हा पूर्वेला नुसती राख फासल्यासारखा उजेड होता. खजुरीची झाडं काळी उभी, आणि प्रत्येकाच्या मानेशी एकेक मडकं. कुणीतरी झाडावरून खोकलं, तेव्हा कळलं की वर माणूस आहे. कमरेभोवती आणि झाडाभोवती एकच दोर, पाय खोडाला लावलेले, आणि हातांनी दोर वर सरकवत तो माणूस चढत होता. संध्याकाळी झाडाच्या शेंड्याजवळ कोयत्याने साल तासायची, खाली मडकं बांधायचं, आणि रात्रभर झाड थेंब थेंब देत राहतं. मडक्याला आतून चुना लावलेला असतो, म्हणजे रस आंबत नाही.

"आवो बेन, आवो. सूरज निकळे ए पेलां पी लो," मणिबेन म्हणाली. ती रुंद, शांत बाई. गुजराती बोलताना मधूनमधून आमच्यासाठी मराठी घालत होती. तिने पांढऱ्या फडक्यातून नीरा गाळली आणि पेले भरले.

पहिल्या घोटाला दात शिवशिवले. नीरेची चव सांगणं कठीण आहे. गोड, पण साखरेसारखी नाही. थोडा धुराचा वास, थोडा ओल्या लाकडाचा, आणि गिळल्यावर जिभेवर काहीतरी हिरवं उरतं. दोन रुपयांना पेला. शहरात तीच नीरा बर्फ घालून मिळते. तिच्या नादी लागू नका, झाडाखालीच प्या.

सूर्य वर आला की हीच नीरा आंबायला लागते आणि दुपारपर्यंत ताडी होते. दारूबंदी असल्यामुळे मणिबेनचा सगळा दिवस सूर्याशी शर्यत लावण्यात जातो. उजाडेपर्यंत खपेल तेवढी खपवायची, उरलेली लगेच चुलीवर चढवायची. वाडीच्या कडेला जमिनीत खणलेली लांब चूल होती, तिच्यावर रुंद पसरट कढई. खजुरीच्याच वाळक्या झावळ्यांचं जळण. नीरा उकळायला लागली की आधी पांढरा फेस येतो, तो मणिबेन झाऱ्याने काढून टाकते. मग रस पिवळा होतो, मग मधासारखा, आणि मग बुडबुडे मोठे आणि आळशी होतात.

"आता बोलायचा नाय," ती म्हणाली. आम्ही गप्प झालो. तिने कान कढईकडे केला. बुडबुड्यांचा आवाज बदलतो म्हणे, फट् फट् असा जड होतो, तेव्हा उतरवायची. मला फरक कळला नाही. कांताला कळला. ती म्हणाली, "आमच्या मायचा पाक असाच बोलायचा." मणिबेनने तिच्याकडे पाहून मान हलवली आणि दोघींनी मिळून कढई उतरवली. लाकडी फळीवर घोटलेला तो तांबूस गूळ गरम गरम हातावर घेतला. चव खजुराची, वास झाडाचा. मेक्सिकोतल्या लोकांना दारू लाभो. आम्हाला हे पुरेसं होतं.

आत्याबाईंनी मात्र चौथा पेला मागितला तेव्हा कांताने अडवलं.

"मला जरा चढल्यासारखी वाटाया लागली गं," आत्याबाई खुशीत म्हणाल्या.

"नीरा चढत नसती, आत्याबाई."

"तुला काय माहीत? तू एकच पेला घेतला."

दगडूभाऊ मैनेला हौदावर पाणी दाखवून घेऊन आले. त्यांनी रात्रभर झोप घेतलेली दिसत नव्हती. मणिबेनने शेतातली कोवळी ज्वारीची कणसं आणवली, गोवरीच्या विस्तवात भाजली आणि कापडाच्या पिशवीत घालून काठीने बडवली. बाहेर पडले ते हिरवे, मऊ, वाफाळते दाणे. सुरतेत ह्याला पोंक म्हणतात. आपला हुरडाच, पण इथे तो लिंबू-मिऱ्याची शेव आणि हिरव्या लसणाच्या चटणीबरोबर खातात, वर साखरेचे दाणे. कांताने मूठभर पोंक मैनेपुढे धरला. मैनेने ओठांनी तो असा टिपला की एक दाणा सांडला नाही.

"खा," कांता म्हणाली. "तिकडं कुनी देईल न देईल."

मग खाली मान घालून तिने उरलेला पोंक वाटेत खायला म्हणून डब्यात भरला.

डुमसचा किनारा वाडीपासून पायी जाण्यासारखा आहे. वाळू काळी, पावलं उमटली की आतून ओली चमकते. ओहोटी होती, समुद्र खूप आत गेला होता, आणि मधली सगळी ओल आभाळाने भरली होती. टमाटरची भजी तळणारे आत्ताशी स्टोव्ह पेटवत होते. ती भजी नक्की खा. टोमॅटोची चकती, तिच्यावर हिरवी चटणी, वर बेसन, आणि चावली की आतल्या रसाने जीभ पोळते.

इकबालभाई वाट बघत होते. मेंदी लावलेली दाढी, गुडघ्यापर्यंत दुमडलेला पायजमा. त्यांचे दोन घोडे बाजूला उभे होते, मळकट, निवांत. आम्ही भज्यांच्या टपरीमागे मैनेला साज चढवला. कांताने झूल नीट केली, तुरा सरळ केला, घुंगरू बांधले, माळा घातल्या. मग तिने स्वतःच्या कपाळावरच्या कुंकवाला बोट लावून मैनेच्या कानामागे टेकवलं, दृष्ट लागू नये म्हणून.

खरोखर देखणी दिसत होती. इकबालभाईही दोन पावलं मागे सरले. "माशाल्ला. ये तो दुल्हन है."

"चालायला लई गुनी," दगडूभाऊ म्हणाले.

इकबालभाई रिकिबीत पाय घालून वर बसले, टाच लावली. मैना उभी. त्यांनी जिभेने टक टक केलं. मैना उभी. दगडूभाऊंनी पुढून लगाम ओढला. मैनेने मान लांब केली, पाय नाही उचलले. कान मात्र ताठ, कुठल्यातरी दूरच्या आवाजासाठी लावलेले.

"बँडची वाट बघती," दगडूभाऊ हळूच म्हणाले.

आणि मग लक्षात आलं. साज चढला, पाठीवर माणूस बसला, की पुढे बँड वाजतो. बँड वाजला की चालायचं. इतकी वर्षं हेच तर ती करत आली होती. बँडवाले नाहीत म्हणजे वरात निघालेली नाही, एवढं तिला कळत होतं.

कांताने पोंकाचा रिकामा डबा उचलला आणि त्यावर ताल धरला. मीही टाळ्या वाजवू लागले. आत्याबाई तर पदर खोचून पुढे झाल्या आणि हळदीचं गाणं खड्या आवाजात सुरू केलं. आणि मैना हलली. हलली म्हणजे काय, नाचली. पुढचे पाय एकाआड एक उचलून, मान वळवून, घुंगरं छुमछुम करत. भजीवाले धावत आले, सकाळी फिरायला आलेली माणसं थांबली. कुणीतरी शिट्टी मारली. एक आजोबा नोट ओवाळायला लागले. वर इकबालभाई नवरदेवासारखे, चेहरा कसनुसा.

पण मैना चार पावलं जायची आणि थांबून नाचायची, परत चार पावलं. सुरतेची वरात अशीच चालते. आम्ही घसा फुटेपर्यंत गायलो आणि टपरीपासून पुढच्या टपरीपर्यंत पोहोचलो.

इकबालभाई उतरले. हसत होते, पण मान हलवत होते. "बेन, नाच तो ऐसा किया के मेरा दुबारा निकाह हो जाए. लेकिन जो घोडी गाना मांगे, वो मेरे काम की नहीं. मैं दरिया पे बँड कहां से लाऊं?"

आत्याबाईंचं गाणं मध्येच थांबलं. "मैं चाय पीके आता हूं," म्हणून इकबालभाई टपरीकडे गेले. तो नकारच होता, फक्त सभ्य.

कांता मैनेच्या मानेला टेकून उभी राहिली. "चालून दाखव गं," ती म्हणत होती. "एकदा चालून दाखव. भट्टीवर पाठवतेत तुला, कळत न्हाई का?"

चालून दाखव. हे शब्द ऐकले आणि मला माझीच आठवण आली. मला बघायला आले तेव्हा मावशीचा उसना शालू नेसवला होता, अंगभर जड, निऱ्या कडक. मुलाच्या आत्या म्हणाल्या, "चालून दाखव, बाळ." दारापासून खिडकीपर्यंत. रोज नदीवरून दोन घागरी घेऊन चढ चढणारी मुलगी मी, आणि त्या एवढ्याशा अंतरात अडखळले. लग्नानंतर कित्येक महिन्यांनी ह्यांनी सांगितलं, "मला वाटलं तू लंगडतेस. पण नाही म्हणवेना." आम्ही त्यावर किती हसलो होतो. आज डुमसच्या वाळूत मात्र मला हसू आलं नाही.

"काढा ते तिच्या अंगावरचं," दगडूभाऊ म्हणाले. "तापलं असंल जनावर." आणि गुडघा धरून ते वाळूत बसले.

कांता आणि मी एकेक वस्तू उतरवू लागलो. माळा, तुरा, झूल, खोगीर. शेवटी घुंगरू. सगळं गाठोड्यात परत बांधलं. मैनेने अंग झाडलं, मानेपासून शेपटापर्यंत, जसं आपण लग्नघरून आल्यावर पदर सोडून हुश्श करतो तसं. कांताला रडू आवरेना. आम्हाला दिसू नये म्हणून ती पाय धुवायच्या निमित्ताने समुद्राकडे चालू लागली.

आणि मैना तिच्या मागे निघाली.

कुणी ओढली नाही, कुणी हाक मारली नाही. म्होरकीची दोरी वाळूत फरपटत होती. कांता पुढे, मैना मागे, त्या ओल्या चमकत्या वाळूतून दोघी सरळ पाण्याकडे. कांता थांबली की ती थांबायची. वरात संपल्यावर रात्री ह्याच चालीने ती घरी येत असणार. साज उतरवलेला, बँडवाले गेलेले, पुढे फक्त घरचं माणूस. आदल्या दिवशी उधन्याहूनही अशीच निघाली होती, आमच्या डोळ्यांसमोर.

दगडूभाऊ धडपडत उठले. "अरे," एवढंच म्हणाले. मग टपरीकडे बघून ओरडले, "इकबालभाई, बघा. चालती."

इकबालभाई चहाचा कप हातात घेऊनच आले. थोडा वेळ बघत राहिले. "खाली तो सब चलते हैं," ते म्हणाले, पण आवाज बदलला होता. "पीठ पे कोई बैठे तब?"

दगडूभाऊंनी कांताला हाक मारून परत बोलावलं. बसायला आणलेली गोधडी मी झटकली, चौघडी घातली, आणि आम्ही ती मैनेच्या पाठीवर टाकून खोगिराच्या पट्ट्याने बांधली. तिच्यावर कांताच्या हातचे टाके, कांताच्या घरचा वास. मैनेने मान वळवून ती हुंगली आणि परत समोर बघू लागली.

"बैठो, बेन," इकबालभाई कांताला म्हणाले.

"मी?" कांता दगडूभाऊंकडे बघू लागली. "मी कधी बसले न्हाई. नवरदेवाची घोडी ती."

"आज कंचा नवरदेव हाय इथं?" दगडूभाऊ म्हणाले. "बस."

त्यांनी दोन्ही हातांची ओंजळ केली. कांताने त्यात पाय ठेवला, आम्ही सगळ्यांनी खालून रेटा दिला, आणि नऊवारीचा काष्टा सावरत ती वर जाऊन बसली. किती वर्षं जिला चारा घातला, खरारा केला, जिच्या पायाचे खडे काढले, तिच्या पाठीवर कांता पहिल्यांदा बसत होती. डोळे गच्च मिटलेले, आयाळ मुठीत.

"चल गं बाई," ती कुजबुजली, आणि मैना चालली.

साधं चालणं. चार पायांचं, एकसारखं, घरी निघाल्यासारखं. पाण्याच्या रेषेपर्यंत गेली, पाण्यातून थोडी चालली, वळली. तेव्हा कांताने डोळे उघडले असावेत, कारण तिचा हसण्याचा आवाज वाऱ्यावर आमच्यापर्यंत आला.

आत्याबाई माझ्या दंडाला धरून उभ्या होत्या. "बघ," त्या म्हणाल्या, "मला नीरा चढली तर केवढं बोलली. आन् आता सोता घोडीवर चढलीया."

इकबालभाईंनी उरलेला चहा वाळूत ओतला. "साज वापस ले जाओ," ते दगडूभाऊंना म्हणाले. "और ये रजाई इधर छोड दो."

गोधडीचं ऐकून कांताने उतरता उतरता मान डोलावली. घासाघीस झाली नाही. दगडूभाऊंनी फक्त विचारलं की मधूनमधून भेटायला आलो तर चालेल का. "आओ तो पोंक लाना," इकबालभाई म्हणाले.

मग मीही बसले. माझ्या पंचेचाळिशीत, साडी पोटऱ्यांपर्यंत वर घेऊन, चष्मा सांभाळत. सांगायचं तर पहिल्यांदा भीतीच वाटते, कारण घोड्याची पाठ खालून बघताना जेवढी उंच दिसते त्याच्या दुप्पट उंच वर बसल्यावर वाटते. मग हळूहळू तिच्या चालीत आपली कंबर हलायला लागते. गोधडीतून तिच्या अंगाची ऊब येत होती. समोर नुसतं पाणी आणि आभाळ. मला वाटलं होतं की अशा वेळी काहीतरी मोठं सुचेल. सुचलं नाही. फक्त इतकं जाणवलं की मला कुणीही बघत नव्हतं आणि मी नीट चालले होते, म्हणजे ती चालली होती, पण तेव्हा ते एकच वाटत होतं.

परतीला दुपारची बस मिळाली. कांता खिडकीशी, मांडीवर गाठोडं. भज्यांचा तेलकट कागद आत्याबाईंच्या हातात, आत्याबाई झोपलेल्या. बस वळली की गाठोड्यातून घुंगरू वाजायचे आणि पुढचा माणूस वळून बघायचा. पिपलोदला कांता म्हणाली, "बाई, आपूनच तिला अडवून ठेवली व्हती की वो. नटवून."

"हो," मी म्हटलं.

"आन् वर म्हनत व्हतो, चालून दाखव."

तिने मांडीवरचं गाठोडं उचलून पायाशी ठेवलं.

घरी आल्यावर काय उरलं, असं विचाराल तर माझ्याकडे कॅमेऱ्याच्या रोलमधला एक फोटो आहे, त्यात फक्त मैनेची शेपूट आणि कांताची टाच आली आहे. मणिबेनकडच्या गुळाचा खडा होता, तो चहात संपला. कांताच्या अंगणातली खुंटी रिकामी आहे. पहिले काही दिवस ती पहाटे उठून घमेलं घेऊन बाहेर यायची आणि मग आठवून परत आत जायची. झूल तिने विकली नाही. उन्हात घालते, घडी करते, ठेवते.

संक्रांत झाली, कमुरता संपला, आणि लग्नं परत सुरू झाली. परवा आम्ही दोघी भाजी घेऊन येत होतो तर गल्लीच्या तोंडाशी वरात. कुणाची तरी तांबडी घोडी, मखमली झूल, डोक्यावर तुरा. बँड वाजत होता, घोडी चार पावलं जायची, थांबायची, नाचायची. सगळी गल्ली अडलेली. आम्ही पिशव्या घेऊन भिंतीला लागून उभ्या राहिलो. कांता त्या घोडीच्या पायांकडे बघत होती.

"मैना आता पान्यात असंल," ती म्हणाली.

बँडवाल्यांनी नवं गाणं धरलं. वरात जागची हलेना. मी आणखी थांबायच्या बेतात होते, तेवढ्यात कांताने पिशवी दुसऱ्या हातात घेतली आणि माझा हात धरला.

"चला बाई. आपल्याला कुठं बँड लागतो?"

आणि नाचणाऱ्यांच्या कडेकडेने आम्ही चालत घरी आलो.